कापून घेतलेलं वाक्य

मामासाहेबांच्या त्रेसष्ट डायऱ्या आहेत, शर्टाच्या खिशात मावतील एवढ्या. पहिली उघडली तेव्हा मला वाटलं उंदरांनी कुरतडली. पण उंदीर इतका सरळ चौकोन कापत नाही. पानोपानी खिडक्या पाडल्यासारखं झालं होतं. एका खिडकीतून मागच्या पानावरचं नैरोबी दिसत होतं, दुसरीतून मूर्तिजापूर.

"वापरलेलं वाक्य डायरीत ठेवायचं नाही," ते म्हणाले. "ब्लेडनं कापायचं आणि लिहायच्या कागदावर डकवायचं. तेच वाक्य चुकून दुसऱ्या सिनेमात गेलं तर लोक पकडतात."

मामासाहेब म्हणजे कादंबरीकार गोवर्धन खलोकार. माझ्या सासऱ्यांचे मामा, म्हणून घरात लहानमोठे सगळेच त्यांना मामासाहेब म्हणतात. अकरा कादंबऱ्या, चौतीस सिनेमांच्या पटकथा नाहीतर संवाद. अकोल्याच्या भाजीबाजारात मोठ्या बहिणीच्या टोपल्यांआड बसून त्यांनी मॅट्रिकचा अभ्यास केला. अमरावतीला कॉलेज, नागपुरात एका छापखान्यात प्रुफं तपासायची नोकरी, मग मुंबई. तिथून कुठं कुठं. ताश्कंद, बर्लिन, नैरोबी, शेवटी दोन वर्षं टोरांटो. जिथं जातील तिथं लोक बोलतात ते टिपायचं, खाली गाव आणि तारीख टाकायची. ताश्कंदच्या टॅक्सीवाल्याचं बोलणं त्यांनी एका पैलवानाच्या तोंडी घातलं, बर्लिनच्या म्हातारीचं एका तमाशातल्या मावशीच्या. "कोणाला कधी कळलं नाही," असं सांगताना त्यांचा चेहरा खुलायचा.

मामी गेल्यावर ते मुंबई सोडून अमरावतीला आले आणि रुख्मिणीनगरात तळमजल्यावर भाड्यानं राहू लागले. दीड वर्षापूर्वी दोन्ही डोळ्यांत, नजरेच्या मधोमध काळा डाग धरला. कडेचं दिसतं, समोरचं दिसत नाही. माणसाचा चेहरा पाहायचा तर त्यांना त्याच्या कानाकडे पाहावं लागतं. बारावी कादंबरी अर्धी झाली होती. लिहून घ्यायला घरातलंच कोणी पाहिजे असं ते म्हणाले, आणि माझ्या नवऱ्यानं, शुभमनं, माझं नाव सांगितलं.

मी मराठीत एम. ए. केलं आहे. तासिका तत्त्वावर कॉलेजात शिकवत होते. माझी मुलगी खुशी चौदा महिन्यांची असताना तिला तापात झटका आला, डोळे फिरले, दोन मिनिटं ती माझी नव्हतीच. मी नोकरी सोडली. डॉक्टर म्हणाले, काही मुलांना येतात असे झटके, मोठी झाली की जातील. मी हो म्हटलं. पण तेव्हापासून माझ्या पर्समध्ये थर्मामीटर असतो.

दर गुरुवारी मी सकाळच्या गाडीनं बडनेऱ्याला उतरायचे आणि तिथून ऑटोनं अमरावतीत जायचे. खुशी अकोल्याला, जठारपेठेतल्या आमच्या घरी, आजींजवळ. आजी म्हणजे पार्बताबाई, सासऱ्यांच्या आई, मामासाहेबांची तीच मोठी बहीण. ऐंशी वर्षांच्या. सत्तरीपर्यंत बाजारात भाजी विकली, आता शुभमच्या फुलांच्या दुकानासाठी कधीमधी हार ओवून देतात. मी मूर्तिजापुरातून एक, बडनेऱ्यातून एक असे फोन करायचे.

"अंग गरम नाही ना, आजी?"

"पोरीले ताप नाही. तुलेच हाये. ठेव फोन."

अशा या आजी, घरभर सगळ्यांना टोमणे मारणाऱ्या, सख्ख्या भावाशी बोलत नाहीत. भांडण नाही. दर भाऊबीजेला मामासाहेब येतात, पाटावर बसतात, आजी ओवाळतात, पुरणपोळीवर स्वतः तूप वाढतात. आणि एक शब्द बोलत नाहीत. ते बाहेर पडेपर्यंत घरातल्या कोणाशीच बोलत नाहीत. चाळीस वर्षं झाली. शुभम म्हणतो, "आम्ही लहान होतो तेव्हा वाटायचं, आजी लाजते. एवढा मोठा माणूस!"

कारण मला मामासाहेबांनीच सांगितलं, अठरावं प्रकरण सांगून झालं त्या दिवशी.

त्यांची सांगायची एक पद्धत आहे. हात भिंतीला लावून खोलीभर चालायचं आणि प्रत्येक वाक्य तीनदा म्हणायचं. पहिल्यांदा वऱ्हाडीत, मग हिंदीत, मग पुस्तकी मराठीत. मी तिसरं लिहायचं. पहिल्या दिवशी चुकून पहिलं लिहिलं तर म्हणाले, "ते नाही. ते माझं मला ऐकायला असतं."

अठराव्या प्रकरणात एक भाजीवाली दवाखान्यात बसली आहे. मांडीवर लेकरू, आणि ते गेलेलं. ती डॉक्टरांशी बोलते, अकरा वाक्यं. सांगून झाल्यावर मामासाहेब खुर्चीत बसले.

"कसं वाटलं?"

"चांगलं आहे," मी म्हटलं. मला रडू आलं होतं. पण खुशीला झटका आल्यापासून मला कशानंही येतं, त्यामुळे त्याचा काही भरवसा नाही.

"खोटं आहे," ते म्हणाले. "खरं एकच वाक्य होतं. ते मी कापून दिलं."

मग त्यांनी सांगितलं. आजींना माझ्या सासऱ्यांच्या पाठीवर बऱ्याच वर्षांनी एक मुलगी झाली होती. दीड वर्षाची होऊन तापात गेली. त्या वेळी मामासाहेब ताश्कंदला होते, लेखकांच्या कसल्याशा मेळाव्यात. परत आले तेव्हा तीन आठवडे उलटले होते. आजींनी त्यांना दवाखान्यातलं सगळं सांगितलं. डॉक्टरांनी मुलगी गेली असं सांगितल्यावर आपण त्यांना काय म्हणालो, तेही. मामासाहेबांनी ते डायरीत लिहून घेतलं.

"आजींसमोर?"

"समोरच. मला वाटलं, लिहून घेतो म्हणजे मान ठेवतो. आमच्या धंद्यात तसंच वाटतं माणसाला."

चार वर्षांनी सिनेमा आला. त्यात एक वऱ्हाडी मोलकरीण होती. तिचं लेकरू जातं असा प्रसंग मामासाहेबांनी लिहिला होता. निर्माता म्हणाला, लेकरू नको, लोक उठून जातील, काहीतरी हलकं करा.

"एका दुपारी मी लेकराची बकरी केली," मामासाहेब म्हणाले. "डॉक्टर गुरांचा केला. वाक्य तेच ठेवलं."

"का?"

"चांगलं होतं." मग म्हणाले, "नटीनं ते नाकात बोलून टाकलं. मी सेटवर होतो. सगळे हसले तेव्हा मीही हसलो."

अकोल्यात सिनेमा लागला तेव्हा भाजीबाजारातल्या सगळ्या बाया आजींना मधे घेऊन बघायला गेल्या. पार्बताच्या भावाचा सिनेमा! बकरी मेली, मोलकरीण ते वाक्य बोलली आणि अख्खं टॉकीज हसलं. बरोबरच्या बायाही हसल्या. त्यांना काय माहीत. आजी शेवटपर्यंत बसल्या. त्यानंतर वर्ष-दोन वर्षं बाजारातली पोरं त्यांच्या दुकानासमोरून जाताना तेच वाक्य ओरडून जायची. पोरांचा आजींवर राग नव्हता. सिनेमातलं होतं, तोंडी बसलं होतं.

ते वाक्य मी इथं लिहीत नाही. आजी डॉक्टरांना थोडं थांबा म्हणाल्या होत्या, एवढंच सांगते.

"आता मला ते फक्त नटीच्या आवाजात ऐकू येतं," मामासाहेब म्हणाले. "अर्धंच. बाईच्या तोंडचं पूर्ण काय होतं ते गेलं." मोठ्या बहिणीला ते बाई म्हणतात. "डायरीत तिथं भोक आहे. डकवलेला कागद निर्मात्याकडे गेला, तो निर्माताही गेला. प्रतीक्षा, तुझ्याशी ती बोलते. आणि फोन तर तुझ्या हातात असतोच."

"तुम्हीच विचारा ना त्यांना."

"मी मागू शकत नाही. मला फक्त चोरता येईल, ते पण तुझ्या हातानं."

इतकं सरळ सांगितल्यावर मी नाही म्हणायला पाहिजे होतं. मी म्हटलं, बघते. सतरा प्रकरणं मी स्वतः टाईप केली होती, अठरावं त्यांच्यासारखं उभं राहावं असं मलाही वाटत होतं. आणि दुसरंही एक होतं. झटक्याच्या त्या दोन मिनिटांत मी डॉक्टरांना काय काय म्हणाले ते मला आठवत नाही. दुसरी आई काय म्हणाली ते मला ऐकायचं होतं.

रविवारी दुपारी आजी खुशीला पुढ्यात घेऊन तिच्या डोक्याला तेल लावत होत्या. मी फोनचं रेकॉर्डिंग चालू केलं आणि फोन पावडरच्या डब्याला टेकवून फळीवर ठेवला. मग कपड्यांच्या घड्या घालत, अगदी सहज विचारल्यासारखं विचारलं, "आजी, तुमच्या मुलीचे केस कसे होते हो?"

आजींचा हात थांबला. मग पुन्हा चालू झाला.

"दाट होते. डोयावर यायचे तिच्या. म्या लाल दोऱ्यानं बांधून ठेवो." खुशीच्या केसांतून त्यांनी बोटं फिरवली. "दवाखान्यात नेली तवा बी दोरा..."

आणि त्यांनी वर पाहिलं.

"ते आकडे काहून पयून राहिले तथी?"

आजींना अक्षर येत नाही. पण आकडे पन्नास वर्षं बाजारात वाचले आहेत. फळीवर सेकंद पळत होते. त्या उठल्या, फोन काढून माझ्या हातात दिला.

"त्याच्यासाठी?"

मी मान खाली घातली. आजींनी पदरानं हात पुसले, खुशीला माझ्या मांडीवर बसवलं आणि आत गेल्या.

त्यानंतर त्या माझ्याशी बोलल्या नाहीत. सोमवार, मंगळवार. खुशीला भरवलं, न्हाऊ घातलं, माझ्यापुढे चहाचा कप ठेवला. सगळं केलं. एक शब्द नाही. मी म्हणायचे, "आजी, मीठ कमी झालं का?" तर त्या मिठाचा डबा पुढे सरकवायच्या. शुभम म्हणाला, "काय केलं तू?" मी त्यालाही सांगितलं नाही. दर भाऊबीजेला मामासाहेब पाटावर कशासमोर बसतात ते मला दोन दिवसांत कळलं. ओरडलं असतं तर उत्तर देता आलं असतं.

खुशी मधे उभी राहून एकदा त्यांच्याकडे, एकदा माझ्याकडे बघायची. अडीच वर्षांची आहे, पण घरात काय चाललंय ते तिला माझ्याआधी कळतं. मंगळवारी तिनं स्वतःच्या ओठांवर बोट ठेवलं आणि जेवताना काढलंच नाही. त्याची मला फार भीती वाटली.

बुधवारी संध्याकाळी मी आजींजवळ जाऊन खाली बसले आणि सगळं सांगून टाकलं. अठरावं प्रकरण, अकरा वाक्यं, डोळ्यांतला डाग, नटीचा आवाज. मागू शकत नाही, चोरूच शकतो असं ते म्हणाले, तेही सांगितलं. "आणि चोरी मी करायला घेतली," मी म्हटलं. "त्यांनी नाही."

आजी शेवंतीचा हार ओवत होत्या. बराच वेळ ओवत राहिल्या.

"काय लिवलं त्यानं?"

"माझ्याजवळ कागद आहेत. वाचू?"

"अठी नको. त्याच्यासमोर वाच." सुई त्यांनी उशीत खोचली. "उद्या चाल. पोरीले बी घे संग. अन् ते तुवं काचेचं नयकांडं घेजो, नाहीतं गाडीत जीव जाईन तुवा."

गाडीत त्यांनी खिडकी धरली. बोरगाव गेलं, मूर्तिजापूर गेलं. खुशी त्यांच्या खांद्यावर झोपली. मला वाटलं, काही बोलतील. बाहेर कापसाची पऱ्हाटी फुटली होती, ती बघत होत्या. एकदाच म्हणाल्या, "औंदा बोंड लहान हाये."

मामासाहेबांनी दार उघडलं ते माझ्या कानाकडे बघत. मग खुशी त्यांच्या पायाजवळून आत पळाली आणि ते जरा मागे सरले.

"आणखी कोण आहे?"

आजी चप्पल काढत होत्या. काढताना त्यांच्या गुडघ्याचा आवाज होतो.

"बाई?" मामासाहेब म्हणाले.

आजी आत आल्या आणि खिडकीजवळच्या खुर्चीवर बसल्या. भिंतभर पुस्तकं, चषक, परदेशातले फोटो. त्यांनी एकदा नजर फिरवली.

"वाच," मला म्हणाल्या.

मी वाचायला लागले. दवाखाना, बाकडं, औषधाचा वास. मग ती आई बोलते, "डॉक्टर, तिचा चेहरा अजून किती शांत आहे. जणू ती माझ्या हाकेची वाट पाहत झोपली आहे."

"थांब," आजी म्हणाल्या. "हे कोन बोलून राहिलं?"

"तुम्ही, आजी. म्हणजे कादंबरीतली आई."

"मी? मले तं मास्तरीन वाटून राहिली एखांदी. लेकरू गेल्यावर कोनी 'जणू' म्हनते काय वं?"

मला हसू आलं आणि लाज वाटली. मामासाहेब हसले नाहीत.

"लोकांनी हसू नये म्हणून, बाई," ते म्हणाले. "चांगल्या भाषेत लिहिलं की लोक हसत नाहीत."

आजींनी त्यांच्याकडे पाहिलं नाही. बोलणं माझ्याशी होतं, शब्द त्यांच्यासाठी. "सांग त्याले. लोकं माह्या बोलीले नाही हासले. बकरीले हासले. बकरी कोनं आनली?"

"म्या," मामासाहेब म्हणाले. इतक्या महिन्यांत त्यांना मी पहिल्यांदाच असं बोलताना ऐकलं, भिंतीला हात न लावता. "म्या आनली. बाई, ते वाक्य सांग ना मले एकडाव. माह्याजवय नाही राह्यलं ते."

"इचार त्याले, कुठून आठोते?"

"'थांबा'पासून," मामासाहेब म्हणाले.

"त्याच्या आंधी होतं."

आणि आजींनी ते वाक्य म्हटलं. खिडकीकडे तोंड करून, पहिल्यापासून शेवटपर्यंत, भाव सांगावा तसं. रडल्या नाहीत. नंतर थोड्या वेळानं, मला कळावं म्हणून, मागचंपुढचं सांगितलं.

आमच्यात लेकराचं जावळ मामाच्या मांडीवर काढतात. पहिले केस, ते दुसऱ्या कोणाच्या मांडीवर नाही. आजींना भाऊ एकच. मुलगी नऊ महिन्यांची झाली तेव्हापासून तीनदा तारीख धरली, न्हाव्याला सांगितलं, पाहुणे बोलावले. तिन्ही वेळा मामासाहेबांचं पत्र आलं. पहिल्यांदा कादंबरीचा समारंभ होता, दुसऱ्यांदा पहिला सिनेमा मिळत होता, तिसऱ्यांदा ताश्कंद. आजी थांबल्या. केस डोळ्यांवर यायला लागले तशा लाल दोऱ्यानं बांधू लागल्या. दवाखान्यात डॉक्टरांनी नाडीवरचा हात काढून घेतला, तेव्हा आजींनी त्यांना थांबा म्हटलं ते याच्यासाठी. तिचा मामा अजून यायचा होता. वाक्याची सुरुवात ती होती.

खुशी टेबलाखाली एक चषक घेऊन बसली होती. तो तिच्या हातून पडला, आणि कोणी त्याच्याकडे पाहिलं नाही.

"म्या तवाच नव्हतं लिवलं ते," मामासाहेब म्हणाले. "पहिला भाग."

"मालूम हाये," आजी मला म्हणाल्या. "म्या पाहून राह्यली होती ना. मले लिवता येत नाही, पेन कवा चालते ते तं समजते. मी मामा म्हनलं तं पेन थांबला याचा. मंग पुढं चालला." त्या उठल्या. "त्याले सांग. लिवायचं असन तं पुरं लिव. मामासकट. नाहीतं राहू दे."

दुपारच्या गाडीनं आम्ही परत आलो. मामासाहेब दारापर्यंत आले. निरोप कोणी कोणाला दिला नाही.

त्यानंतरच्या गुरुवारी ते लिहायला बसले. पहिल्या गुरुवारी त्यांनी ताश्कंदचं सगळं सांगितलं, झाडांच्या रांगा, संध्याकाळचं ऊन, एका भिंतीवरच्या निळ्या फरशा. फार सुंदर होतं. त्या सौंदर्यात पत्र कुठं आलं आणि कुठं गेलं ते कळेना. मी वाचून दाखवलं. "फाड," ते म्हणाले.

दुसऱ्या गुरुवारी त्यांनी कारणं सांगितली. तेव्हा विमानाची तिकिटं कशी मिळत, नाव होत असताना माणूस नाही कसं म्हणणार, गरीब घरातून आलेल्याला दार एकदाच उघडतं. तेही खोटं नव्हतं. मी मनात म्हणत होते, ठेवा, हे ठेवा. कारण मीही नोकरी सोडली आहे आणि एक दार बंद होताना ऐकलं आहे.

"हे बाईले वाचून दाखवशीन काय तू?" त्यांनी विचारलं.

मी पेनाला टोपण लावलं.

"फाड मंग."

तिसऱ्या गुरुवारी ते चालले नाहीत. खुर्चीत बसले, हात गुडघ्यांवर, आणि एकदाच बोलले, वऱ्हाडीत. हिंदी नाही, पुस्तकी नाही. मी पेन धरून थांबले. "हेच लिहू?"

"हेच लिव."

दीड पान झालं. तीन पत्रं, त्यांच्या तीन तारखा. त्या त्या तारखेला आपण कुठं होतो, कोणाबरोबर चहा पीत होतो. मुलगी गेली त्या दिवशी आपण ताश्कंदच्या बाजारात खरबुजं बघत हिंडत होतो, आणि एका विकणारीचं बोलणं आवडलं म्हणून डायरीत टिपलं. मग बहिणीसमोर बसून तिचं वाक्य मधूनच लिहायला घेतलं ते. मग वाक्य, पूर्ण. मग बकरी. पुढे काही नाही.

"टाईप करू नको," मामासाहेब म्हणाले. "बाईले वाचून दाखव. तिनं व्हय म्हटलं तं छापू. पुण्याचा प्रकाशक दोन महिन्यांपासून मांगं लागला हाये. त्याले म्या सांगून ठेवलं, बाकी पुस्तक या प्रकरणासाठीच लिवलं."

दुसऱ्या दिवशी दुपारी खुशी झोपल्यावर मी आजींना वाचून दाखवलं. वाचायच्या आधी खुशीच्या कपाळाला हात लावून आले. थंड होतं. आजी डोळे मिटून ऐकत होत्या, आणि मला त्यांच्या चेहऱ्यावरून काही वाचता येईना. मग ते वाक्य आलं. मी थांबून, पाणी पिऊन पुढे वाचलं.

संपल्यावर त्या म्हणाल्या, "ते खरबुजाचं पुन्हा वाच."

मी वाचलं.

"कसे होते म्हने?"

"लांबट. हातभर लांब, लिहिलंय."

"हातभर!" भाव मनात बसवून बघावा तसा त्यांनी स्वतःचा हात कोपरापर्यंत न्याहाळला. मग म्हणाल्या, "लाव फोन त्याले."

मी फोन लावला, आवाज मोठा केला आणि त्यांच्यापुढे धरला.

"प्रतीक्षा?" मामासाहेबांचा आवाज आला. "वाचलं काय?"

"गोवर्धन," आजी म्हणाल्या.

तिकडे काहीतरी सरकल्याचा आवाज झाला. बहुतेक खुर्ची.

"बोल, बाई."

"मी दवाखान्यात होती तवा तू खरबूज पाहून राह्यला होता?"

"हो, बाई."

"अन् इतकी वर्षं सांगतलं नाही मले."

"कसं सांगू? तू बोले नाही."

"म्या बोलत नव्हती. ऐकत तं होती."

माझा हात अवघडला होता, पण मी फोन हलवला नाही.

"आता पुरं हाये," आजी म्हणाल्या. "आता बराबर लिवलं तुनं."

"छापू काय, बाई?"

आजींनी माझ्या हातातल्या कागदाकडे पाहिलं. मला वाटलं होतं त्या हो म्हणतील. इतकं सगळं त्याच्यासाठीच तर झालं होतं.

"नको," त्या म्हणाल्या. "पोरगी एकडाव बाजारात नेली तू. आता नको. हे तुले अन् मले मालूम राहू दे. या पोरीले बी मालूम झालं, त्याले इलाज नाही."

मी वाट बघत होते की मामासाहेब आता समजावतील. चौतीस सिनेमे ज्या माणसानं निर्मात्यांच्या गळी उतरवले, त्याला बहिणीला समजावणं कठीण नव्हतं. नाव बदलतो म्हणता आलं असतं. गाव बदलतो म्हणता आलं असतं.

"बरं," ते म्हणाले.

पुस्तक पुढे तसंच गेलं. प्रकाशकांनी पत्र पाठवून विचारलं की सतरानंतर गोष्ट उडी मारते, काहीतरी गाळलं आहे का. मी मामासाहेबांना पत्र वाचून दाखवलं आणि त्यांनी उत्तर सांगितलं, लेखकाकडे इतकंच आहे, असं छापायचं नसेल तर परत पाठवावं. छापलं त्यांनी. एका परीक्षणात आलं की या वेळी शेवटाकडे लेखकाचा हात थकलेला जाणवतो. तेही मी वाचून दाखवलं. "लिवू दे," म्हणाले.

पण ते नंतरचं. त्या दुपारी फोन चालूच होता.

"कागद माह्याजवय राहीन," आजी म्हणाल्या.

"राहू दे. दुसरा नाही माह्यापाशी."

"मंग आता काय करशीन तू?"

"काई नाही. बसतो."

"जेवते कोनाच्या हातचं?"

"डबा येते, बाई."

"काय असते डब्यात?"

"आज वांगं होतं."

"कसं होतं?"

"पानचट," ते म्हणाले.

"मंग त्यायले सांगत काहून नाही? इतके पुस्तकं लिवले, वांग्याचं सांगता येत नाही तुले?"

खोलीत खुशी उठून बसली होती, मला हाका मारत होती. मी फोन आजींच्या हातात दिला, तो कसा धरायचा ते दाखवलं आणि तिच्याकडे गेले. तिला कडेवर घेऊन बाहेर आले तेव्हाही आजी तिखट किती, मीठ किती, ते भावाला एकेक करून सांगत होत्या.